लखनौचे उन्हाळे-पावसाळे

पौषातल्या एखाद्या कडाक्याच्या पहाटे लखनौच्या जुन्या चौकात, गोल दरवाज्यापाशी जाऊन उभे राहावे. धुके इतके दाट असते की चार हातांवरचा माणूस आधी खोकल्यावरून ओळखावा लागतो, आणि अशा वेळी त्या धुक्यातून प्रथम जे नजरेस पडते ते म्हणजे पातळ कापडाने झाकलेली एक मोठी परात आणि तिच्यामागे घोंगडी पांघरून बसलेला विक्रेता. परातीत फिकट केशरी फेसाचा जो ढीग असतो त्याला कोणी निमिश म्हणतात, कोणी मक्खन-मलाई. संध्याकाळी दूध उकळून ते रात्रभर उघड्या आकाशाखाली ठेवायचे, त्यावर दव पडू द्यायचे, उजाडण्यापूर्वी ते घुसळून वर येणारा फेस अलगद उचलून घ्यायचा, त्यात केशर-पिस्ते घालायचे आणि ऊन वर येण्यापूर्वी सारे विकून मोकळे व्हायचे. कारण सूर्य तापू लागला की विक्रेत्याचे भांडवल त्याच्या डोळ्यांदेखत अक्षरशः पाण्यात जाते. नोव्हेंबर ते फेब्रुवारी एवढाच या पदार्थाचा हंगाम. होळीनंतर तो मागितलात तर लखनौचा दुकानदार तुम्हाला नाही म्हणणार नाही, तो नुसता हसेल.

लखनौविषयी आपल्याकडच्या माणसाला ठाऊक असते ती ‘पहले आप, पहले आप’ म्हणत आगगाडी चुकविणाऱ्या दोन नवाबांची गोष्ट, आणि प्रेमचंदांच्या कथेतले ते दोन शतरंजबाज, ज्यांचे राज्य बुडत असतानाही पटावरचे लक्ष हालत नाही. या शहराची नजाकत म्हणजे रिकामटेकड्या श्रीमंतीला फुटलेला मोहर, अशी एक समजूत यातून रूढ झाली आहे. मला मात्र दीर्घकाळ असे वाटत आले आहे, की या नजाकतीचे निम्मे श्रेय तिथल्या निष्ठुर हवेला आणि तिच्याशी जुळवून घेणाऱ्या कारागिरांना दिले पाहिजे. नवाबांनी फार तर त्यांची कदर केली.

लखनौ वसले आहे गंगेच्या मैदानाच्या मधोमध, समुद्रसपाटीपासून जेमतेम ४०० फुटांवर. जवळ ना डोंगर ना समुद्र, म्हणजे उष्णतेला किंवा थंडीला लगाम घालणारे कोणीच नाही. मे-जून महिन्यांत पश्चिमेकडून वाळवंटावरून तापून आलेली कोरडी ‘लू’ वाहू लागते, पारा ४५ अंशांना टेकतो आणि दुपारी रस्ते असे ओस पडतात की जणू शहरात संचारबंदी पुकारली आहे. जानेवारीत हाच पारा एखाद्या रात्री ३-४ अंशांपर्यंत उतरतो. पाऊस जूनच्या अखेरीस येतो आणि वर्षाकाठी ३५ ते ४० इंच पडतो, म्हणजे कोकणच्या मानाने काहीच नाही. पण सपाट जमिनीमुळे पाणी जाणार कुठे हा प्रश्न तिथे नेहमीच पडतो. शहराची नदी गोमती ही गंगा-यमुनेसारखी हिमालयाच्या बर्फाची कन्या नसून पिलीभीत जिल्ह्यातल्या एका तळ्यातून निघते. त्यामुळे उन्हाळ्यात तिला वरून कोणी रसद पुरवीत नाही, आणि पावसाळ्यात मात्र ती एकदम थोरल्या घरची सून झाल्यासारखी ऐट दाखवते. १९६० साली तिने शहरात शिरून जो हाहाकार उडविला, त्याच्या आठवणी जुन्या मोहल्ल्यांतून पुढे कित्येक वर्षे सांगितल्या जात.

अशा हवेत घर बांधायचे तर त्याला काही विचार लागतो. जुन्या लखनौच्या इमारती लखौरी नावाच्या पातळ विटांच्या आणि चुन्याच्या; भिंती हातभर जाड, आत चौक, आणि ऐपत असेल तर खाली तळघर, म्हणजे तहखाना. दारांना वाळ्याचे पडदे, खसच्या टट्ट्या, लावून त्यांवर पाणी शिंपडायचे. कोरडी लू त्यातून आत येताना ते पाणी शोषून घेते, त्या बाष्पीभवनाने स्वतः निवते आणि खोलीत वाळ्याचा सुगंध घेऊन शिरते. हा उपाय आपल्या मुंबईत कोणी करून पाहिला तर पदरी फक्त ओल पडेल, कारण जी हवा आधीच पाण्याने जड झाली आहे ती आणखी पाणी काय पिणार! लखनौतही पाऊस सुरू होताच खसच्या टट्ट्या निकामी होतात आणि ‘उमस’ नावाचा घामट छळ सुरू होतो, ज्याच्यावर नवाबांपाशीही इलाज नव्हता.

क्लॉड मार्टिन नावाच्या फ्रेंच गृहस्थाने ही हवा फार चांगली ओळखली होती. ईस्ट इंडिया कंपनीच्या चाकरीत राहून नवाबाच्या दरबारात अमाप पैसा मिळविलेल्या या माणसाने गोमतीच्या अगदी काठावर एक हवेली बांधली आणि तिचे खालचे मजले जवळजवळ नदीच्या पातळीवर ठेवले. उन्हाळ्यात तो त्या गार तळघरात राही. पावसाळ्यात नदी चढू लागली की तो एकेक मजला वर सरके, आणि पूर ओसरला की खालच्या खोल्या रंगवून-सजवून पुन्हा खाली उतरे. १८०० साली तो वारला. त्याने ठेवलेल्या संपत्तीतून चाललेली ला मार्टिनिएर शाळा अजून आहे आणि तिच्या इमारतीच्या तळघरातच त्याची कबर आहे.

नवाबांचा इतिहास मराठी वाचकाला अगदीच परका नाही. १७२२ साली सादतखान बुऱ्हान-उल्-मुल्क अवधचा सुभेदार झाला, आणि मोगल बादशाही खिळखिळी होत गेली तसतशी ही सुभेदारी वंशपरंपरेची होऊन बसली. त्याच्या वंशातला शुजाउद्दौला हा १७६१ मध्ये पानिपतावर अब्दालीच्या बाजूने उभा होता. काशी-प्रयाग मिळविण्याचा पेशव्यांचा आग्रह त्याच्या मनात सलत होता, हेही त्यामागचे एक कारण. त्याच शुजाच्या पदरी असलेल्या काशीराज पंडिताने लिहिलेली फारसी हकीकत पानिपताच्या अभ्यासकाला डावलता येत नाही, आणि मारल्या गेलेल्या मराठे सरदारांचे अंत्यसंस्कार रीतीप्रमाणे व्हावेत म्हणून शुजाने रदबदली केली, ही आठवणही आपण जपली आहे.

शुजाची राजधानी होती फैजाबाद. त्याचा मुलगा आसफउद्दौला १७७५ मध्ये ती हलवून लखनौला आला आणि आज आपण ज्याला लखनौ म्हणतो ते खऱ्या अर्थाने तेव्हा सुरू झाले. १७८४ च्या सुमारास अवधमध्ये भयंकर दुष्काळ पडला, तेव्हा लोकांना काम आणि पोटाला अन्न मिळावे म्हणून त्याने बडा इमामबाडा बांधावयास घेतला. दिवसा रयतेने बांधायचे आणि रात्री, अंधारात चेहरा ओळखू येऊ नये म्हणून, अब्रूदार पण उपाशी अशा खानदानी माणसांनी ते पाडायचे, म्हणजे काम कधी संपू नये, अशी एक आख्यायिका सांगतात. तिच्यात इतिहास किती हे बाजूला ठेवले तरी उपाशी माणसाच्या लाजेचीही ज्या शहराला आठवण ठेवावीशी वाटते, त्याची अभिरुची त्या गोष्टीतून कळते. इमामबाड्याचा मुख्य दिवाणखाना सुमारे १६० फूट लांब, ५० फूट रुंद आणि तितकाच उंच आहे, आणि त्याच्या छताला ना लाकडाची तुळई आहे ना लोखंडाची. केवळ विटा आणि चुना यांच्या कमानीवर तो एवढा भार तोललेला आहे. वरच्या मजल्यावरची प्रसिद्ध भुलभुलैया प्रवाशांना गंमत म्हणून दाखवितात. पण भिंतींच्या पोटात पोकळ्या आणि बोळ ठेवल्यामुळे छताचे ओझे हलके झाले आणि वारा खेळता राहिला, ही त्यातली खरी करामत. दुष्काळाच्या साली, दुष्काळाने मोडलेल्या हातांनी, हे उभे राहिले.

यानंतरची कहाणी दुःखाची आहे. तैनाती फौजेच्या खर्चापायी १८०१ च्या तहनाम्याने कंपनीने निम्मा मुलूख घशात घातला. पुढे नेपाळच्या युद्धासाठी याच दरबाराकडून कोट्यवधी रुपये कर्जाऊ उचलले. आणि अखेर ‘येथे कारभार नीट चालत नाही’ असा ठपका ठेवून १८५६ च्या फेब्रुवारीत डलहौसीने उरलेले राज्यही खालसा केले. ज्याच्या हातातली तलवार आपणच काढून घेतली, त्याने तबल्यावर बोट ठेवले म्हणून त्याला नालायक ठरवावे, हा न्याय अजब खराच. शेवटचा नवाब वाजिदअली शाह कलकत्त्याजवळ मटियाबुर्जला गेला आणि तिथेच १८८७ साली वारला. मागे राहिलेल्या बेगम हजरत महलने मात्र राज्य खालसा झाल्याच्या पुढल्याच वर्षी उठाव झाला तेव्हा कोवळ्या मुलाला मसनदीवर बसवून स्वतः सूत्रे हाती घेतली, आणि हार झाल्यावरही इंग्रजांचे तनख्याचे आमिष न स्वीकारता नेपाळात देह ठेवला. रेसिडेन्सीचा वेढा, हेन्री लॉरेन्सचा मृत्यू, कॅम्पबेलची चढाई, हे सारे पाठ्यपुस्तकांत आले आहे. तिथे सहसा येत नाही ते हे, की शहर पुन्हा ताब्यात आल्यावर इंग्रजांनी जुन्या वस्तीतून सरळ रुंद रस्ते काढण्यासाठी तिचा फार मोठा भाग जमीनदोस्त केला.

दरबार गेला, पण दरबारासाठी राबणारे हात राहिले. चिकनचा अंगरखा हा या हवेतलाच पोशाख: पातळ पांढरे सुती कापड आणि त्यावर पांढऱ्याच दोऱ्याचे काम, जे अंगाला टोचत नाही आणि डोळ्यांनाही निववते. लाकडी ठप्प्याने निळ्या कच्च्या रंगात नक्षी छापायची, मग ती बायकांकडे जायची, आणि काम झाले की धोबी तो निळा रंग धुऊन काढायचा. टेपची, बखिया, मुर्री, फंदा, जाली, हे टाक्यांचे काही प्रकार. बखियात टाका उलट्या बाजूने घालतात आणि सुलट बाजूला त्याची नुसती सावली पडते, मुर्री तांदळाच्या दाण्यासारखी दिसते, तर जालीत एकही धागा न कापता केवळ सुईने बाजूला सारून जाळी पाडतात. हे काम मुख्यतः जुन्या मोहल्ल्यांतल्या आणि आसपासच्या खेड्यांतल्या, बव्हंशी मुसलमान, स्त्रिया घरी बसून करतात. दलालामार्फत मिळणारी मजुरी इतकी थोडी असते, की हजरतगंजच्या दुकानातली किंमत त्यांना सांगितली तर त्यांचा विश्वास बसू नये. लखनौच्या नजाकतीचे गोडवे गाणाऱ्या लेखकांनी, मी धरून, या हिशोबाकडे फारसे पाहिलेले नाही.

ज्येष्ठातले मंगळवार हे या शहराचे खास सण. उत्तरेकडचा ज्येष्ठ आपल्याहून पंधरा दिवस आधी सुरू होतो, म्हणजे तो नेमका लूच्या ऐन भरात येतो, आणि त्या प्रत्येक ‘बडे मंगल’ला अलीगंजच्या हनुमानाच्या दर्शनाला लोटलेल्या गर्दीसाठी चौकाचौकांत मांडव घालून पाणी, सरबत आणि पुरी-भाजी वाटतात. त्या देवळाचा संबंध परंपरा एका नवाबाच्या बेगमेशी जोडते आणि त्याच्या शिखरावर चंद्रकोर आहे. मोहरमात करबलाच्या तहानलेल्या हुतात्म्यांच्या नावाने याच रस्त्यांवर ‘सबील’, म्हणजे पाणपोई, लागते. हिजरी वर्ष चांद्र असल्याने ती कधी धुक्यात येते तर कधी रणरणत्या उन्हात, आणि उन्हात आली की मातम करणाराच नव्हे तर रस्त्याने जाणारा कोणीही थांबून तो पेला तोंडाला लावतो. मारुतीच्या नावाचे पाणी आणि हुसेनच्या नावाचे पाणी यांची चव तहानलेल्या माणसाला वेगळी लागत नसावी. इथे शिया-सुन्नींचे तंटे झाले नाहीत असे नाही. परंतु पाणी पाजण्याची ही रीत त्या तंट्यांतूनही टिकून राहिली.

मराठी माणसाच्या पाऊलखुणाही इथे आहेत. १९१६ च्या डिसेंबरात, सुरतेच्या फुटीनंतर नऊ वर्षांनी, टिळक पुन्हा काँग्रेसच्या व्यासपीठावर आले ते लखनौच्या अधिवेशनात, आणि काँग्रेस व मुस्लिम लीग यांच्यातला लखनौ करार त्यांच्या पाठिंब्याने पार पडला. दहा वर्षांनी, १९२६ साली, मुंबईच्या विष्णु नारायण भातखंडे यांनी तिथल्या काही रसिक जमीनदारांच्या साहाय्याने संगीताचे विद्यालय उघडले. गव्हर्नरच्या नावावरून त्याला मॅरिस कॉलेज म्हणत, आज ते भातखंड्यांच्या नावाने चालते. वकिली सोडून गावोगाव उस्तादांच्या पायऱ्या झिजविणाऱ्या या माणसाने जमविलेल्या चिजा आधी मराठीत छापल्या गेल्या, आणि मग हिंदीत जाऊन लखनौच्या मुलांच्या हाती पडल्या. त्यांचे शिष्य श्रीकृष्ण नारायण रातंजनकर यांनी या विद्यालयाची धुरा अनेक वर्षे वाहिली. विद्यालय पुढे कैसरबागेतल्या परीखान्यात आले, म्हणजे जिथे वाजिदअली आपल्या नर्तकींना तालीम देववीत असे त्याच वास्तूत. त्या मुलुखाची गाणीही तिथल्या हवेच्या हुकमतीतली आहेत: चैती चैत्रात गायची आणि कजरी श्रावणात, आभाळ भरून आले म्हणजे.