चौकाबाहेर आलेले जग: वारली चित्रविश्वाच्या संक्रमणकाळाचा मागोवा

पालघर, डहाणू, तलासरी, विक्रमगड आणि जव्हार या पट्ट्यातील वारली समाजाने पिढ्यान्‌पिढ्या आपल्या भिंतींवर एक संपूर्ण कल्पित जग उभे केले होते. त्या जगाला स्वतःच्या देवता, स्वतःचा भूगोल आणि स्वतःचे नियम होते. त्याच्या इतिहासातील सर्वांत मोठे स्थित्यंतर 1970 नंतरच्या अवघ्या दोन दशकांत घडले, आणि ते समजून घेण्यासाठी आधी त्या जगाची मूळ रचना पाहावी लागते.

लग्नाच्या वेळी घराच्या आतील गेरूने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाच्या पांढऱ्या रंगाने जी चौकट काढली जाते, तिला ‘चौक’ म्हणतात. तो काढण्याचा अधिकार सवाशिणींचा, म्हणजे ज्यांचे पती हयात आहेत अशा विवाहित स्त्रियांचा. लग्नाचे विधी चालवणारी आणि गाणी म्हणणारी ‘धवलेरी’ हीदेखील स्त्रीच असते. नक्षीदार किनारींनी वेढलेल्या चौकाच्या मध्यभागी वनस्पतींच्या आणि प्रजननाच्या शक्तीची देवी पालघाट विराजमान होते, तर शेजारच्या लहान चौकात पंचशिऱ्या हा देव असतो, ज्याच्या मस्तकाच्या जागी धान्याचे कोंब फुटलेले दाखवतात. सूर्य, चंद्र, झाडे, प्राणी आणि नाचणारी माणसे या केंद्राभोवती वावरतात. वर्तुळ, त्रिकोण आणि चौकोन एवढ्याच आकारांतून हे सारे साकारते, आणि टोकाला टोक जोडलेल्या दोन त्रिकोणांतून माणसाचे शरीर तयार होते. हे चित्र शोभेसाठी नसून त्याच्याशिवाय लग्नच लागत नसे. त्यामुळे चौकातील जग कल्पित असले तरी त्याची सत्ता पूर्णपणे खरी होती.

ज्या लग्नात हा चौक काढला जाई, तेच लग्न अनेक वारली कुटुंबांच्या गुलामीचे दारही होते, हे मात्र चित्रकलेच्या कौतुकात सहसा सांगितले जात नाही. लग्नासाठी सावकाराकडून किंवा जमीनदाराकडून कर्ज घेणाऱ्या तरुणाला त्या कर्जापोटी पत्नीसह त्याच्या शेतावर राबावे लागे, आणि अशा वेठबिगारांना ‘लग्नगडी’ म्हणत. मे 1945 मध्ये तलासरीजवळील झरी येथे भरलेल्या परिषदेपासून शामराव आणि गोदावरी परुळेकर यांच्या नेतृत्वाखाली किसान सभेने या प्रथेविरुद्ध जे आंदोलन उभारले, त्याने वारली माणसाची मान वर झाली. चित्रांतील पुढच्या बदलाचे थेट श्रेय या लढ्याला देता येणार नाही. परंतु पुढे कागदावर आलेला, स्वतःच्या शेतात, स्वतःच्या नाचात रमलेला माणूस याच भूमीतला आहे, याकडे दुर्लक्ष करणे योग्य नव्हे.

या पट्ट्याच्या पश्चिम अंगालाही काळ बदलत होता. 1969 मध्ये तारापूरचे अणुवीज केंद्र सुरू झाले, आणि पुढे बोईसरलगत औद्योगिक वसाहत वाढत गेली. त्याच सुमारास, 1970 च्या दशकाच्या आरंभी, हस्तकलेच्या सरकारी कामाशी जोडलेले चित्रकार भास्कर कुलकर्णी डहाणू परिसरात आले. त्याआधी बिहारच्या दुष्काळात मिथिलेतील स्त्रियांच्या भित्तिचित्रांना कागदावर आणण्याच्या उपक्रमात त्यांनी काम केले होते, आणि इथेही त्यांनी कागद व रंग पुरवले. गंजाडच्या जिव्या सोमा म्हसे यांच्या हाती तो कागद आला, आणि पुरुषाने रोज, विधीशिवाय, चित्र काढण्याची अभूतपूर्व गोष्ट सुरू झाली. 1975 मध्ये मुंबईच्या केमोल्ड कलादालनात त्यांचे प्रदर्शन भरले, 1976 मध्ये राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, 1989 मध्ये त्यांची चित्रे पॅरिसच्या पाँपिदू केंद्रातील मोठ्या प्रदर्शनात लागली, आणि 2011 मध्ये पद्मश्री आली.

तथापि, या काळाचे मर्म पुरस्कारांत नाही. मर्म हे की चित्राचे केंद्र हलले. चौकात पालघाट मधोमध असे आणि माणसे भोवताली. कागदावर मात्र मासे धरणारे जाळे, भाताची लावणी, मुंग्यांची वारुळे आणि तारपा हे फुंकवाद्य वाजवणाऱ्याभोवती फिरणारी नर्तकांची साखळी हेच चित्र झाले. म्हसे यांच्या जाळ्याच्या चित्रांत बारीक रेषांच्या विणीने सगळी जागा व्यापलेली दिसते, आणि तिथे किनार बांधणारी चौकट उरलेली नाही. पुढच्या पिढीने त्याच रेषेत आगगाडी, बस आणि विमान आणले. हा ऱ्हास आहे असे म्हणणाऱ्यांशी सहमत होणे कठीण आहे, कारण देव निघून गेले नाहीत. धान्यदेवी कणसरी लावणीच्या आणि मळणीच्या दृश्यांमागे उभीच आहे.

खरी हानी वेगळ्या ठिकाणी झाली. चौक ही सामूहिक आणि निनावी कला होती, तर कागदाला सही लागते, आणि सही करणारे हात बहुतेक पुरुषांचे निघाले. ज्या सवाशिणींनी हे आकार जतन केले, त्यांची नावे कलादालनांच्या सूचींत क्वचितच दिसतात. यशोधरा डालमिया यांच्या 1988 च्या ग्रंथाने विधी आणि चित्र यांचे नाते अभ्यासकांसमोर ठेवले, तरी बाजारात साड्या, कप आणि सरकारी भिंतींवर जी वारली नक्षी पसरली, तिच्यात तारप्याचा फेर तेवढा उरला आणि पालघाट गाळली गेली. लग्नघरातील चौक मात्र आजही गावोगावी सवाशिणीच काढतात, आणि या कलेच्या पुढील अभ्यासाला त्या स्त्रियांकडेच जावे लागेल: त्यांची नावे, त्यांची गाणी आणि चौकाच्या प्रत्येक किनारीचे त्यांच्या पाड्यावरचे नाव नोंदवण्यासाठी.