सुरतेच्या दोन स्वाऱ्या आणि साडेतीनशे वर्षांची पुस्तकं

शिवाजी महाराज सुरतेवर दोनदा चालून आले, १६६४च्या जानेवारीत आणि १६७०च्या ऑक्टोबरात. दोन्ही वेळचा मुक्काम मिळून आठवडासुद्धा भरत नाही. पण त्या मोजक्या दिवसांवर साडेतीनशे वर्षं लेखन होत आलं आहे: पत्रं, प्रवासवर्णनं, बखरी, इतिहास, कादंबऱ्या. मी सुरतेत राहणारा मराठी वाचक. हा सगळा ऐवज वाचताना एक गोष्ट मला सतत जाणवत आली. मराठीत लिहिलं गेलं ते मोहिमेबद्दल. ज्या शहरावर मोहीम झाली, ते शहर वाचायचं तर दुसऱ्यांच्या दारी जावं लागतं.

पहिलं दार इंग्रज वखारीचं. ६ जानेवारी १६६४ हा बुधवार होता (इंग्रजांच्या जुन्या पंचांगाची ही तारीख, आजच्या हिशेबात दहा दिवस पुढे). त्या दिवशी दुपारच्या आत महाराजांचा तळ बऱ्हाणपूर दरवाजाबाहेरच्या बागेत पडला. वाटेत आवई अशी उठवली होती, की बादशहाचाच एक सरदार गुजरातेतलं बंड मोडायला निघाला आहे. शहराला धड तट नव्हता, होती ती मातीची भिंत. सुभेदार इनायतखान पाचशे शिपायांचा पगार सरकारातून उचलत होता आणि माणसं मात्र ठेवत नव्हता. तो किल्ल्यात जाऊन बसला. वखारीचा प्रमुख जॉर्ज ऑक्झेंडन याने जहाजांवरचे खलाशी बोलावून घेतले आणि दारं लावून वखार लढवायची तयारी केली. ईस्ट इंडिया कंपनीने पुढे त्याला सुवर्णपदक दिलं.

ही पत्रं मालाच्या काळजीने लिहिलेली आहेत, गौरवासाठी किंवा निंदेसाठी नव्हेत. कुठला वाडा जळला, कुणाचा किती माल गेला, किल्ल्यावरच्या तोफांनी हल्लेखोरांपेक्षा शहराचीच नासाडी कशी जास्त केली, हे सगळं त्यांत आहे. डच वखारीजवळचा वीरजी व्होरा याचा वाडा जळून गेला. तो त्या काळचा सुरतेचा सगळ्यांत मोठा सावकार, इंग्रजही त्याच्याकडून कर्ज घेत. हाजी सैद बेगचा वाडा इंग्रज वखारीला लागून होता, म्हणून त्याची थोडीफार राखण झाली. युद्धाचं शहराच्या बाजूने इतकं जवळून लिहिलेलं मी दुसरीकडे फारसं वाचलेलं नाही.

यातलं एक पत्र मी पुन्हा पुन्हा वाचतो. वखारीचा धर्मगुरू एस्कॅलियट याने त्याच महिन्याच्या अखेरीस इंग्लंडातल्या नॉर्विच गावी सर टॉमस ब्राउन यांना ते लिहिलं. ब्राउन हे डॉक्टर आणि त्या काळचे नावाजलेले लेखक. पत्रात महाराजांचं वर्णन आहे: मध्यम उंची, बांधा प्रमाणशीर, नजर चपळ आणि भेदक, वर्ण सोबतच्या माणसांपेक्षा उजळ. अँथनी स्मिथ नावाचा एक इंग्रज तीन दिवस महाराजांच्या तळावर कैदेत होता. त्याने पाहिलेलं वखारीच्या कागदांत आलं आहे. इनायतखानाने बोलणी करायला म्हणून पाठवलेल्या माणसाने खंजीर काढून महाराजांवर झेप घेतली. रक्षकाने त्याचा हात तोडला. छावणीत कैद्यांना मारा असा ओरडा झाला. महाराजांनी सरसकट कत्तल थांबवली, पण काही कैद्यांची डोकी उडवली गेली, काहींचे हात तोडले गेले. स्मिथही त्या रांगेत होता आणि वाचला. बादशहाने माझ्या मुलखावर स्वारी केली, माझी माणसं मारली, त्याचा सूड म्हणून मी आलो आहे, व्यापाऱ्यांशी माझं वैर नाही, या आशयाचा निरोपही या कागदांत नोंदलेला आहे. तुटलेले हात आणि तो निरोप एकाच कागदावर आहेत. आपल्या बहुतेक पुस्तकांनी निरोप उचलला आणि हात मागे ठेवले. महाराजांचं मोठेपण इतकं हलकं नाही, की ते झाकून ठेवल्याशिवाय टिकणार नाही.

मग प्रवाशांची पुस्तकं. फ्रेंच वैद्य बर्निए त्या दिवसांत सुरतेत नव्हता. त्याने ऐकून लिहिलं. पण कॅपुचिन पाद्री अँब्रोझ याच्या मठाला हात लावला नाही आणि डचांच्या दानशूर, तेव्हा हयात नसलेल्या दलालाचं घर सोडलं, हे त्याच्यामुळे जगाला कळलं. दुसरा फ्रेंच प्रवासी तेवेनो १६६६च्या जानेवारीत सुरतेत उतरला, तेव्हा मातीच्या भिंतीच्या जागी विटांचा तट बांधायला घेतला होता. महाराज फकिराच्या वेशात आधी स्वतः शहर हेरून गेले, अशी हकीकत त्याच्या पुस्तकात आहे. अवघ्या दोन वर्षांत, तेही ज्या शहराला झळ बसली त्याच शहरात, दंतकथा तयार झाली होती.

बखरकार सभासद मात्र हेरगिरीचं श्रेय महाराजांचा हेर बहिर्जी याला देतो. महाराजांनी स्वतः जायचं का ठरवलं, तेही तो सांगतो: नुसतं चाकरमान्या लष्करावर सोपवलं तर काम मनाजोगतं होणार नाही, म्हणून जावं तर जातीने. कृष्णाजी अनंत सभासदाने ही बखर १६९७च्या सुमारास राजाराम महाराजांच्या सांगण्यावरून जिंजीच्या किल्ल्यात लिहिली. झुल्फिकारखानाचा वेढा तेव्हा अनेक वर्षं चालूच होता. बाहेर मोगल, आत एक म्हातारा कारभारी, आणि तो तीस-पस्तीस वर्षांपूर्वीच्या सुरतेच्या यशाबद्दल लिहितो आहे. आकडे आणि कालक्रम यांत तो विश्वासाचा नाही, हे अभ्यासक सांगतात आणि ते खरं आहे. पण वेढ्यात बसलेल्या राजाला आणि त्याच्या माणसांना काय आठवायचं होतं, यासाठी याहून चांगला पुरावा नाही. लढाईवरचं हे पुस्तक लढाईच्या पोटात बसून लिहिलेलं आहे, आणि ते तसंच वाचावं.

दुसऱ्या स्वारीबद्दल लेखन कमी. ऑक्टोबर १६७०, मुक्काम जेमतेम तीन दिवसांचा. या वेळी इंग्रज वखार स्ट्रेन्शॅम मास्टरने राखली. परतताना मोगल सरदार दाऊदखान कुरेशी आडवा आला आणि वणी-दिंडोरीला मोठी लढाई झाली. मोगलांच्या नोकरीतला भीमसेन सक्सेना त्या फौजेत होता आणि त्याने फारसीत लिहून ठेवलं. सेतुमाधवराव पगडींनी ‘मोगल आणि मराठे’ या पुस्तकातून भीमसेन मराठीत आणला, हे पगडींचे उपकार.

एकोणिसाव्या शतकात पुस्तकांनीच एकमेकांशी लढाया केल्या. साताऱ्यात रेसिडेंट राहिलेल्या ग्रँट डफचा मराठ्यांचा इतिहास १८२६ला आला. थोड्याच वर्षांत कॅपन या इंग्रज अधिकाऱ्याने त्याचं मराठी केलं आणि शाळेत शिकलेल्या पिढ्यांनी आपला इतिहास त्यातून वाचला. १८६७च्या सुमारास नीळकंठ जनार्दन कीर्तने या विद्यार्थ्याने डफवर टीका लिहिली. आपली साधनं आपणच शोधून छापली पाहिजेत ही जिद्द पुढच्या लोकांत आली, त्यात या टीकेचा वाटा मोठा. सभासदाची बखर काशिनाथ नारायण साने यांनी संपादून छापली ती त्याच वाऱ्यात. आणि नेमकं कीर्तनेंच्याच सुमारास, १८६५-६६त, सुरतेच्या आमलीरानमध्ये राहणारा कवी नर्मद ‘सुरतनी मुखतेसर हकीकत’ लिहीत होता. पुण्यात आपला इतिहास आपण लिहू म्हणणारा तरुण आणि सुरतेत आपल्या शहराची कहाणी आपल्याच भाषेत मांडणारा कवी, दोघे एकाच वेळचे. त्यांची गाठ कुठल्याच पुस्तकात पडली नाही.

विसाव्या शतकात जदुनाथ सरकारांचं ‘शिवाजी अँड हिज टाइम्स’ १९१९ला आलं. पहिल्या स्वारीतला ऐवज एक कोटीच्या वर आणि दुसरीतला चौकशीअंती ६६ लाखांचा, हे बहुतेक ठिकाणी सापडणारे आकडे त्यांचे. त्यांची मतं पुण्याला पटली नाहीत आणि वाद रंगला. त्या वादाचं खरं फळ म्हणजे पुण्याच्या शिवचरित्र कार्यालयाचं काम: १९३०चा ‘शिवकालीन पत्रसारसंग्रह’ आणि १९३१चा इंग्रजी पत्रांचा खंड. सुरतेबद्दल काही वाचायचं तर मी आधी हे दोन ग्रंथ हातात देतो. तारखेवार पत्रं वाचत गेलं, की घबराट कशी वाढत गेली आणि अफवा कुठून आल्या हे दिसतं. गजानन मेहेंदळे यांचं २०११चं इंग्रजी शिवचरित्र त्याच कडक पुराव्याच्या परंपरेतलं.

‘राजा शिवछत्रपती’ आणि ‘श्रीमान योगी’ यांनी लाखो घरांत शिवकाल नेला. या पुस्तकांत सुरत नायकाच्या आयुष्यातला एक टप्पा म्हणून येते, आणि त्या प्रकारच्या लेखनात ते योग्यच आहे. तक्रार त्यांच्याबद्दल नाही. त्यांच्या शेजारी जे पुस्तक असायला हवं होतं ते नाही, हे माझं दुःख.

कारण ही सुरत आता परकी राहिलेली नाही. लिंबायत, उधना, डिंडोली, पांडेसरा या भागांत लाखो खानदेशी माणसं राहतात. नंदुरबार, धुळे, जळगावकडून गाडीत बसायचं आणि उधन्याला उतरायचं. लूमवर, डाइंगच्या कारखान्यात, साड्यांच्या मार्केटमध्ये कामाला लागायचं. बऱ्हाणपूरकडचा जुना रस्ताही त्याच बाजूने शहरात येत असे. महापालिकेच्या मराठी शाळांत शिकणाऱ्या मुलाला चौकबाजारचा किल्ला रोज दिसतो, मुघलसराईत महापालिकेचं मुख्य कार्यालय आहे हे माहीत असतं, आणि घरी भिंतीवर महाराजांची तसबीर असते. मित्राचं घर पिढ्यान्‌पिढ्या सुरती. हा मुलगा विचारतो की नेमकं काय झालं होतं, तेव्हा त्याला द्यायला मराठीत एक पुस्तक नाही, ज्यात महाराजांची मोहीम आणि वीरजी व्होराचं घर दोन्ही असतील.

साहित्य सगळं हाताशी आहे. नर्मदची हकीकत आणि ईश्वरलाल इच्छाराम देसाई यांचं ‘सुरत सोनानी मूरत’ मराठीत आणायला फार मोठा खटाटोप लागणार नाही; इथे दोन्ही भाषा घरी बोलणारी माणसं गल्लोगल्ली आहेत. एस्कॅलियटचं पत्र टिपांसह वेगळी पुस्तिका म्हणून छापता येईल. ऑक्झेंडनची भव्य कबर कतारगामच्या इंग्रज दफनभूमीत उभी आहे, ती पाहायला शाळेची सहल नेता येईल. अवघड आहे ते डचांचं. त्यांच्या कंपनीचं दप्तर हेगच्या राष्ट्रीय अभिलेखागारात आहे, आणि वीरजी व्होराचा शेजार त्यांचाच होता. मोडी आणि फारसी शिकणारे तरुण पुण्या-मुंबईत पुन्हा दिसू लागले आहेत. त्यांच्यातल्या दोघा-तिघांनी जुनी डच शिकायला घ्यावी, आणि सुरतेच्या मराठी मंडळांनी त्यांच्या दोन वर्षांच्या खर्चाची सोय करावी.