कॅमेरा लावा, पण विणणाऱ्याला थांबवू नका



कर्जत-खालापूरच्या शेतांत भातलावणीच्या वेळी पाठीवर इरले घेऊन वाकलेली माणसे आता क्वचितच दिसतात. इरल्याची जागा प्लास्टिकच्या कागदाने घेतली, कणगीची पत्र्याच्या पिंपाने. पण कॅमेऱ्याचा मोबाईल मात्र घरोघरी आला. इरले, सूप, रोवळी विणणारे म्हातारे हात आहेत, तोवर त्यांचे काम टिपून ठेवणे आपल्याला शक्य आहे. ते कसे टिपावे, एवढाच प्रश्न आहे.

याचा धडा आपल्याच दादासाहेब फाळक्यांनी घालून दिला. 'राजा हरिश्चंद्र' १९१३ साली पडद्यावर आला. त्याआधी १९१२ मध्ये त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा लावला आणि कोंब फुटून वेल वाढेपर्यंत दिवसामागून दिवस थोडे थोडे चित्रण केले. तीच 'अंकुराची वाढ'. पेरणाऱ्याला ठाऊक असते की रोपाला घाई चालत नाही. फाळक्यांनी कॅमेऱ्यालाही ते शिकवले. पुढे आपल्या घाटापलीकडच्या तळेगावच्या काच कारखान्यावरही त्यांनी माहितीपट केला.

दुसरे उदाहरण परदेशातले. रॉबर्ट फ्लाहर्टी यांनी १९२२ साली बर्फाळ प्रदेशातल्या इन्युइट, म्हणजे एस्किमो लोकांवर 'नानूक ऑफ द नॉर्थ' हा चित्रपट काढला. चित्रपट गाजला. पण त्या लोकांकडे बंदुका आलेल्या असताना त्यांना जुन्या भाल्याने शिकार करायला लावले होते. बर्फाच्या घरात उजेड पुरेना, म्हणून चित्रणासाठी अर्धेच घर बांधले. हे मात्र आपण करू नये. इरल्यात पळसाच्या पानांऐवजी प्लास्टिक घालत असतील, सुतळीऐवजी नायलॉनची दोरी बांधत असतील, तर तेच दाखवा. ते लपवले तर चित्र सुंदर होईल, पण खरे राहणार नाही.

चित्रणाची सुरुवात विणण्यापासून नव्हे, बांबूपासून करा. जून बांबू कोणता, कोवळा कोणता, हे आजोबा कसे ओळखतात? कोयत्याने तो कसा चिरतात, पट्टी किती पातळ काढतात, पायाच्या अंगठ्याने काय दाबून धरतात? कॅमेरा हातांजवळ ठेवा आणि गप्प बसा. "आजोबा, इकडे बघा," असे म्हणू नका. पट्टी तुटली, नात मधेच पाणी घेऊन आली, तरी चित्रण चालू ठेवा. प्रश्न काम आटोपल्यावर विचारा.

आधी परवानगी घ्या. दिवसाची मजुरी बुडाली तर ती भरून द्या. आणि चित्रण प्रथम त्यांनाच दाखवा. काय राहिले, ते त्यांच्याइतके कोण सांगणार?

दोन मिनिटांची गंमत बघून लोक विसरतात. पण पहिल्या घावापासून शेवटच्या गाठीपर्यंतचे पुरे चित्रण हाताशी असेल, तर उद्या एखादी नात ते पाहून बांबू हातात घेईल.