सीमेपलीकडील तीर्थें

मोहरमांत आपल्याकडे कित्येक गांवीं ताबूत निघतात व ते पाहण्यास मुलें धांवतात. परंतु ही कोणाच्या कबरीची प्रतिकृति, असें वर्गांत विचारल्यास बहुधा सारे गप्प बसतात. ती कबर इराक देशांत करबला येथें आहे. महंमद पैगंबरांचे नातू हुसेन हे इ. स. 680 मध्यें मूठभर सोबत्यांसह, पाण्यावांचून तळमळत, तेथें मारले गेले. त्यांचे वडील अली यांची कबर नजफ येथें आहे. नमाजाच्या वेळीं शिया मुसलमान ज्या मातीच्या वडीवर कपाळ टेंकतात, तीहि शक्य तर करबलेची असावी, अशी त्यांची इच्छा असते.

परंतु शियांचें सर्वांत मोठें राष्ट्र इराण, आणि हीं तीर्थें मात्र शेजारच्या इराकांत! 1980 च्या सप्टेंबरांत उभय देशांत युद्ध पेटलें, तें 1988 च्या ऑगस्टपर्यंत चाललें. इराणच्या कित्येक चढायांचें नांवच 'करबला' होतें. इराकी सैन्यांतहि शिया शिपाई पुष्कळ होते. म्हणजे हुसेनांसाठीं अश्रु ढाळणारेच एकमेकांवर गोळ्या झाडीत होते. लाखों माणसें मेलीं, पण करबलेची वाट कांहीं उघडली नाहीं.

1998 मध्यें मोजक्या यात्रेकरूंस परवानगी मिळाली. 2003 च्या एप्रिलांत सद्दाम हुसेन यांची सत्ता कोसळली, तेव्हां इराणी भाविक परवान्याची वाट न पाहतां चोरवाटांनीं सीमा ओलांडूं लागले. जमिनींत युद्धांतील सुरुंग तसेच पुरलेले होते. कित्येकांचा त्यांवर पाय पडून अंत झाला. 2 मार्च 2004 रोजीं, मोहरमच्या दहाव्या दिवशीं, करबला व बगदाद येथें स्फोट होऊन शंभराहून अधिक भाविक ठार झाले. त्यांत इराणीहि होते. तरी यात्रा थांबली नाहीं.

सीमेवरील मेहरान हें इराणी गांव युद्धांत पुनःपुन्हां या हातांतून त्या हातांत गेलें. त्याच गांवावरून पुढें हुसेनांच्या चाळिसाव्याच्या यात्रेस लाखों इराणी जाऊं लागले. नजफपासून करबलेपर्यंत सुमारें 80 किलोमीटर वाट पुष्कळ जण पायीं चालतात. वाटेवरील खांबांस क्रमांक दिलेले असतात; चुकामूक झाल्यास कितव्या खांबापाशीं भेटावयाचें, हें मंडळी आधींच ठरवून ठेवतात. दुतर्फा इराकी लोकांचे मांडव असतात. तेथें जेवण, चहा, अंथरूण, कशाचेंहि मोल घेत नाहींत. इतकेंच नव्हे, तर थकलेल्यांचे पाय चेपून देतात.

पाय चेपणारा साठीचा इराकी आणि समोर बसलेला त्याच वयाचा इराणी, हे तरुणपणीं समोरासमोरच्या खंदकांत असणें अगदीं शक्य आहे. एकाची भाषा अरबी, दुसऱ्याची फारसी. बोलणें फारसें होत नाहीं. पाय चेपून झाले कीं यजमान चहाचा लहानसा पेला पुढें करतो.