मूळ ठसा आणि त्याच्या प्रती

जयपूरजवळच्या सांगानेर गावी कापडावर ठसे उमटविण्याची कला पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहे. कारागीर प्रथम 'रेख' नावाच्या लाकडी ठशाने नक्षीची बाह्यरेषा उमटवितो. मग प्रत्येक रंगासाठी निराळा ठसा घेऊन त्या रेषेत रंग भरतो. रेखेचा ठसा कोणी उगाच तासला, तर त्याच्या मापाने कोरलेले इतर सारे ठसे निरुपयोगी होतात. घरगुती संगणक-प्रयोगशाळेतही असाच एक मूळ ठसा असतो.

एका यंत्राच्या पोटात अनेक आभासी संगणक चालविण्याची युक्ती आय.बी.एम.च्या अमेरिकेतील केंब्रिज येथील संशोधकांनी १९६० नंतरच्या दशकात सिद्ध केली. त्या वेळी तिला खोलीभर यंत्रसामग्री लागे. आज जयपूरच्या एखाद्या विद्यार्थ्याला मेजावरचा साधा संगणक पुरतो.

आभासी संगणकाची सारी तबकडी एका फायलीत साठविलेली असते. तिला प्रतिमा म्हणतात. १० गिगाबाइटांच्या प्रतिमेच्या ५ पूर्ण प्रती केल्या, तर ५० गिगाबाइट जागा खर्ची पडते. म्हणून मूळ प्रतिमा एकच ठेवावयाची आणि प्रत्येक संगणकाने केलेले फेरफार तेवढे वेगळ्या छोट्या फायलीत नोंदवावयाचे, अशी सोय क्यूइमूसारख्या प्रणालींनी केली आहे.

परंतु या काटकसरीत एक धोका दडलेला आहे. छोट्या फायलींतील प्रत्येक नोंद मूळ प्रतिमेला अनुसरून असते. प्रयोगाच्या भरात कोणी मूळ प्रतिमाच चालू करून तिच्यात बदल केला, तर तिच्यावर विसंबलेल्या पाचही संगणकांतील महिन्यांचे काम क्षणात बिघडू शकते. यास्तव मूळ प्रतिमा केवळ वाचनासाठी खुली ठेवावी, तिच्या नावात तारीख घालावी आणि सुधारणा करावयाची झाल्यास नवी प्रतिमा घडवावी.

आणखी एक गोष्ट. प्रती काढण्यापूर्वी मूळ संगणकाची ओळखखूण व गुप्त किल्ल्या पुसून टाकाव्यात. नाहीतर एकाच नावाचे दोन पाहुणे जाळ्यावर येतात आणि कोणाचा निरोप कोणाला जाईल, याचा भरवसा राहत नाही.

शेवटी, त्याच तबकडीवर टिपून ठेवलेली पूर्वस्थिती म्हणजे राखीव प्रत नव्हे. तबकडी गेली की दोन्ही जातात. एक पूर्ण प्रत दुसऱ्या तबकडीवर ठेवावी आणि ती खरोखर चालू होते की नाही, हे अधूनमधून पडताळून पाहावे.

सांगानेरचा कारागीर रेखेचा ठसा जपतो, तो त्यापुढचे सारे काम त्याच्यावर अवलंबून असते म्हणून. आपणही मूळ प्रतिमा तशीच जपावी.