दोन्ही कुळांचा अलंकार

लांबी साडेतीन सेंटिमीटर, रुंदी अडीच सेंटिमीटरच्या आत आणि वजन अवघे ६.४० ग्रॅम. एवढासा मातीचा अंडाकृती ठसा. नागपूर जिल्ह्यात रामटेकजवळच्या नगरधन येथे राज्याचा पुरातत्त्व विभाग आणि पुण्याचे डेक्कन कॉलेज यांनी २०१५ ते २०१८ या काळात उत्खनन केले, त्यात तो मिळाला. त्यावर शंख आहे आणि ब्राह्मी अक्षरांत नाव आहे. ते नाव राजाचे नसून राणीचे आहे: प्रभावतीगुप्ता.

आमच्या आर्णीतल्या शाळकरी मुली क्लिओपात्राचे नाव सहज सांगतात. प्रभावतीचे नाव विचारले तर गप्प होतात. यात मुलींचा दोष नाही, आपणच त्यांना सांगितलेले नाही. आर्णीहून यवतमाळ, वर्धा, नागपूर करत रामटेकची वाट धरली की या राणीची राजधानी येते. नगरधन म्हणजेच वाकाटक राजघराण्याचे नंदिवर्धन. आर्णीच्या पश्चिमेला वाशीम आहे, ते वाकाटकांच्या दुसऱ्या शाखेचे वत्सगुल्म. दोन्हीकडून पाहिले तरी आपण वाकाटकांच्याच मुलखात राहतो.

प्रभावती मगधाच्या गुप्त सम्राटांची लेक. वडील दुसरा चंद्रगुप्त विक्रमादित्य आणि आई नागकुळातली कुबेरनागा. तिला वाकाटकांच्या दुसऱ्या रुद्रसेनाला दिले. माळवा आणि गुजरातेतल्या शक क्षत्रपांशी लढायचे तर दक्षिणेकडून पाठ सांभाळणारा सोयरा गुप्तांना हवा होता, असे बरेच इतिहासकार मानतात. हिशेब राजकारणाचा होता, पण तो ज्या मुलीच्या आयुष्यावर मांडला गेला तिने पुढे काय केले, ते मला अधिक महत्त्वाचे वाटते.

लग्नानंतर रुद्रसेन फार वर्षे जगला नाही. इ.स. ४०० च्या आसपासचा हा काळ. मुले लहान होती. थोरल्या दिवाकरसेनाच्या नावाने प्रभावतीने राज्य हाती घेतले आणि निदान १३ वर्षे चालवले. हा आकडा तिच्याच ताम्रपटातून कळतो. नगरकडच्या एका तांबटाच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या राहिलेले ते पत्रे गेल्या शतकाच्या सुरुवातीला पुण्यात अभ्यासकांच्या हाती आले, म्हणून त्यांना पुणे ताम्रपट म्हणतात. १३व्या वर्षी, कार्तिक शुद्ध द्वादशीला, म्हणजे आपल्याकडे कार्तिकी एकादशीचा उपास सोडतात त्या दिवशी, तिने आचार्य चनालस्वामी यांना दंगुण नावाचे गाव दान दिले. इतिहास-संशोधक वा. वि. मिराशींच्या मते हे दंगुण म्हणजे आजचे हिंगणघाट. कापसाच्या गाड्या घेऊन हिंगणघाटची बाजारपेठ गाठणाऱ्या आपल्या भागातल्या माणसाला हे ऐकून नवल वाटेल.

हा ताम्रपट बारकाईने वाचावा. वाकाटक राजांचे ताम्रपट सहसा त्यांच्या पूर्वजांनी केलेल्या यज्ञांच्या वर्णनाने सुरू होतात. प्रभावती मात्र वंशावळ मांडते ती माहेरची: घटोत्कच, पहिला चंद्रगुप्त, समुद्रगुप्त, दुसरा चंद्रगुप्त. मग आईचे नाव. मग स्वतःचे वर्णन ‘उभयकुलालंकारभूता’, दोन्ही कुळांचा अलंकार. त्यानंतर रुद्रसेनाची अग्रमहिषी, म्हणजे पट्टराणी, आणि युवराजाची माता. गोत्र सांगते तेही ‘धारण’, वडिलांचे. वाकाटकांचे गोत्र विष्णुवृद्ध होते. लग्न झाले की मुलीचे गोत्र बदलते, असे आपण आजही लग्नमांडवात ऐकतो. सोळाशे वर्षांपूर्वी विदर्भावर राज्य करणाऱ्या राणीने ते बदललेले नाही, आणि तसे तांब्यावर कोरून ठेवले आहे.

राणीच्या आईवडिलांची नोंद इजिप्तमध्येही सापडते. तिथे तिसऱ्या आमेनहोतेप राजाने तिये राणीसंबंधी भुंग्याच्या आकाराच्या मुद्रा काढल्या, त्यांवर तिच्या वडिलांचे युया आणि आईचे थुया ही नावे आहेत. जगभर त्या मुद्रांचे कौतुक होते आणि ते योग्यच आहे. पण तिथे राणीचे आईवडील राजाने नोंदवले. आपल्या राणीने आपले आईवडील स्वतःच्या ताम्रपटात स्वतः नोंदवले. हा फरक मला फार मोठा वाटतो.

दिवाकरसेनाचे नाव पुढे राजा म्हणून कुठेच येत नाही. बहुधा तो गादीवर बसण्याआधीच गेला. नवऱ्यानंतर हाताशी आलेला मुलगाही गेला असावा, तरी राज्य विसकटले नाही. पुढे दुसरा प्रवरसेन राजा झाला. दामोदरसेन हा त्याचा भाऊ की त्याचेच आधीचे नाव, यावर विद्वानांचा वाद आहे. हा प्रवरसेन शिवभक्त, आई विष्णुभक्त. पण त्याने महाराष्ट्री प्राकृतात काव्य लिहिले ते रामकथेवर, ‘सेतुबंध’. प्राकृत वाङ्मयातले हे मोठे महाकाव्य विदर्भाच्या राजाच्या नावावर आहे, आणि आपल्या मराठीचे मूळ त्याच महाराष्ट्री प्राकृतात शोधले जाते.

मुलगा राजा झाल्यावर प्रभावती मागे सरली असेल असे वाटते, पण त्याच्या कारकिर्दीच्या १९व्या वर्षीही तिने स्वतःच्या नावाने दान दिले आहे. तो ताम्रपट अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपूरचा. महानुभावांचे रिद्धपूर तेच. दान दिले ते रामगिरीस्वामी या देवाच्या पादमूलाहून, म्हणजे रामटेकवरून.

रामटेकच्या डोंगरावर केवल-नरसिंहाचे मंदिर आहे. तिथल्या भिंतीतला शिलालेख १९८०च्या दशकात उजेडात आला. तो बराच झिजला आहे. डच अभ्यासक हान्स बेकर यांच्या वाचनानुसार त्यात प्रभावतीच्या मुलीचा उल्लेख आहे. तिचा विवाह गुप्तांच्याच दुसऱ्या एका घटोत्कचाशी झाला होता आणि आईच्या पुण्यासाठी तिने ‘प्रभावतीस्वामी’ या नावाने देव स्थापला.

आपल्याकडच्या शाळांच्या सहली रामटेकला जातातच. शिक्षकांना एकच विनंती आहे. गडमंदिराचे दर्शन झाले की मुलांना केवल-नरसिंहापाशी थांबवा, हा शिलालेख दाखवा आणि परतताना बस नगरधनला वळवा. तिथला किल्ला पुढच्या काळातला आहे, पण त्या परिसराच्या मातीतच प्रभावतीच्या नावाचा ठसा निघाला.