बुद्धिबळाचा लेखी वारसा

बुद्धिबळ हा जसाच्या तसा लिहून ठेवता येणारा खेळ आहे. कुस्तीचे किंवा क्रिकेटच्या सामन्याचे वर्णन करता येते, पण ते वाचून सामना पुन्हा घडत नाही. बुद्धिबळाचा डाव घडतो. १८५१ साली लंडनमध्ये अँडरसनने वजीर, दोन्ही हत्ती आणि एक उंट देऊन किझेरित्स्कीवर मात केली. तो ‘अमर डाव’ अवघ्या तेवीस चालींचा. पाव पानात मावणाऱ्या त्या चाली हाती असल्या, की कोणीही घरच्या पटावर तो शेवटपर्यंत मांडू शकतो. म्हणूनच या खेळाभोवती जेवढे ग्रंथ जमले, तेवढे फार थोड्या खेळांभोवती जमले असतील. या ग्रंथांनी खेळाची नोंद ठेवली, आणि वेळोवेळी त्याला वळणही दिले.

डाव कसा खेळावा हे सांगणारे सर्वांत जुने ज्ञात ग्रंथ अरबी आहेत. नवव्या शतकात बगदादच्या खलिफांच्या दरबारात अल-अदली हा नावाजलेला खेळाडू होता आणि त्याने शतरंजवर पुस्तकही लिहिले. त्यानंतर दहाव्या शतकात अस-सूली आला. तेव्हाचा वजीर तिरपे एकच घर सरकत असे आणि आजच्या उंटाच्या जागचे मोहरे तिरप्या रेषेत दुसऱ्या घरात उडी मारत असे. डाव संथ चालायचा. त्यामुळे या लेखकांचा ओढा ‘मन्सूबा’कडे, म्हणजे डावाच्या अखेरच्या टप्प्यातल्या कूटस्थितींकडे होता. अस-सूलीने एक स्थिती मांडली आणि आपण ज्यांना शिकवले त्यांच्याखेरीज ती कोणाला सुटणार नाही, असा दावा करून ठेवला. ही बढाई जवळजवळ हजार वर्षे टिकली. १९८०च्या दशकात अंत्यखेळातला जाणकार रशियन ग्रँडमास्टर युरी अवेरबाख याने तिची उकल शोधली.

खेळाचे माहेर भारत, पण इथल्या जुन्या ग्रंथांत तो वेगळ्या वाटेने येतो. सातव्या शतकातल्या बाणभट्टाच्या ‘हर्षचरिता’त अष्टापदाच्या, म्हणजे आठ बाय आठ घरांच्या, पटावरील चतुरंगाचा उल्लेख आहे, तोही एका श्लेषाच्या निमित्ताने. नवव्या शतकात काश्मीरच्या रुद्रटाने ‘काव्यालंकारा’त घोड्याच्या चालीने वाचायचा श्लोक रचला: बत्तीस घरांत बत्तीस अक्षरे, सरळ वाचले काय आणि घोड्याच्या उड्या घेत वाचले काय, श्लोक तोच. बाराव्या शतकात कल्याणीच्या चालुक्य घराण्यातील तिसऱ्या सोमेश्वराने ‘मानसोल्लासा’त राजाच्या करमणुकींमध्ये बुद्धिबळाला जागा दिली. सतराव्या शतकातल्या नीलकंठ भट्टाच्या ‘भगवंतभास्करा’त नीतीवरच्या भागात बुद्धिबळाचे प्रकरण आहे. हा नीलकंठ काशीचा, पण त्याचे घराणे मूळचे पैठणचे. इथे खेळ काव्यात आला, राजनीतीत आला, मात्र दोन नामवंत खेळाडू कसे खेळले हे टिपून ठेवण्याची सवय फारशी दिसत नाही. या उणिवेमुळे मोठे नुकसान झाले. भारतातले हजार-बाराशे वर्षांचे प्रत्यक्ष डाव कायमचे गेले.

मुंबईशी या इतिहासाचा एक थेट धागा जुळतो. १८१४ साली त्रेवंगडाचार्य शास्त्री यांचे बुद्धिबळावरचे इंग्रजी पुस्तक मुंबईत छापले गेले. ते मूळ संस्कृतावरून केलेले होते. त्यात मुख्यतः निवडक स्थिती होत्या आणि त्या युरोपीय पद्धतीच्या खेळाला जुळवून घेतलेल्या होत्या. पुढे १८२९ मध्ये मद्रासचा गुलाम कासिम आणि जेम्स कॉक्रेन यांनी एका धाडसी सुरुवातीचे, म्हणजे मुझिओ गॅम्बिटचे, विश्लेषण प्रसिद्ध केले.

युरोपात दरम्यान खेळच पालटला होता. पंधराव्या शतकाच्या अखेरीस स्पेनमध्ये वजिराला आजची ताकद मिळाली आणि उंट लांब पल्ल्याचा झाला. या नव्या खेळावर १४९५ मध्ये व्हॅलेन्सियात छापलेले फ्रान्सेस्क व्हिसेंटचे पुस्तक हरवले. त्याची एकही प्रत आज उपलब्ध नाही. त्यामुळे १४९७ मध्ये सालामांकात छापलेले लुसेनाचे पुस्तक हे हाती असलेले सर्वांत जुने छापील पुस्तक ठरते. त्यात जुन्या आणि नव्या नियमांची कोडी शेजारी शेजारी आहेत. प्रतिस्पर्ध्याच्या डोळ्यांवर उजेड येईल असा पट मांडावा, असा व्यवहारी सल्लाही आहे. गंमत अशी, की हत्ती आणि प्याद्याच्या अंत्यखेळातली ज्याला जगभर ‘लुसेनाची स्थिती’ म्हणतात, ती या पुस्तकात नाहीच. ती १६३४ च्या साल्व्हिओच्या पुस्तकात आहे.

नंतरचे मोठे वळण फिलिदोरचे. हा फ्रेंच ऑपेराचा नामांकित संगीतकार. १७४९ मध्ये, वयाच्या तेविसाव्या वर्षी, त्याने लंडनमध्ये बुद्धिबळावरचे पुस्तक काढले. तोवरच्या पुस्तकांत राजावर झडप घालण्याच्या युक्त्या असत. फिलिदोरने लक्ष प्याद्यांकडे वळवले: प्याद्यांची रचना कशी आहे, त्यावर डावाचा निकाल ठरतो. आज शाळेतल्या मुलालाही शिकवली जाणारी ही गोष्ट तेव्हाच्या खेळाडूंना पटायला बराच काळ लागला.

इतिहास लिहिणाऱ्यांत एच. जे. आर. मरे याला तोड नाही. ऑक्सफर्ड इंग्रजी कोशाचे संपादक जेम्स मरे यांचा हा मुलगा, व्यवसायाने शाळा-निरीक्षक. हस्तलिखिते वाचण्यासाठी तो अरबी शिकला आणि १९१३ मध्ये सुमारे नऊशे पानांचा इतिहास त्याने प्रसिद्ध केला. त्याआधी डंकन फोर्ब्सच्या १८६० च्या ग्रंथामुळे, पाच हजार वर्षांपूर्वी भारतात फाशांवर चौघांनी खेळायचे बुद्धिबळ होते आणि त्यातून दोघांचे निघाले, असे मानले जाई. फोर्ब्सचा आधार पुराणातला होता. मरेने ही कल्पना मोडीत काढली आणि दोघांचा खेळच मूळ, तो भारतातला आणि साधारण सहाव्या शतकातला, असे मांडले. आपल्या अभिमानाला पाच हजारांचा आकडा अधिक सुखावतो, पण पुरावा मरेच्या बाजूला आहे. त्याला जुनी दुर्मीळ पुस्तके पुरवणाऱ्यांत क्लीव्हलंडचे वकील जॉन व्हाइट होते. त्यांचा संग्रह पुढे क्लीव्हलंडच्या सार्वजनिक ग्रंथालयाला मिळाला आणि आज तो बुद्धिबळावरचा जगातला सर्वांत मोठा संग्रह मानला जातो.

हे सारे शक्य झाले ते चाली लिहिण्याच्या पद्धतीमुळे. घरांना अक्षर आणि अंक देण्याची सुटसुटीत रीत अलेप्पोच्या फिलिप स्टाम्माने १७३७ मध्येच वापरली होती. तरी इंग्रजी पुस्तकांत ‘पी-के फोर’ छापाची अवघड पद्धत विसाव्या शतकातही चालू राहिली. जुनी पुस्तके उघडणारा आजचा तरुण खेळाडू तिथेच अडखळतो.

लेखन स्थिरावल्यावर स्पर्धांचे ग्रंथ आले. त्यांत डेव्हिड ब्रॉनस्टाइनचा १९५३ च्या झुरिक स्पर्धेवरचा ग्रंथ सर्वांत वरचा मानावा लागेल. पंधरा खेळाडू, दोनशे दहा डाव, आणि लेखक स्वतः त्यांतला एक. ब्रॉनस्टाइनने चालींच्या फांद्या वाढवत नेल्या नाहीत. या क्षणी खेळाडूच्या मनात काय होते, हे त्याने सोप्या शब्दांत सांगितले. म्हणून संगणकाने त्यातले काही निष्कर्ष चुकीचे ठरवूनही पुस्तक जुने झालेले नाही. याउलट सुरुवातीच्या चालींचे जाडजूड ग्रंथ काही वर्षांतच रद्दीत जातात.

खेळाडूंनी स्वतःबद्दल लिहिलेल्या पुस्तकांत स्वभाव उतरतो. बॉबी फिशरने १९६९ मध्ये आपले साठ डाव निवडले, आणि जगातल्या सर्वांत हट्टी समजल्या जाणाऱ्या या माणसाने त्यांत स्वतःचे तीन पराभव घातले. टिपणे तुटक, कोरडी आणि नेमकी आहेत. मिखाईल तालचे आत्मकथन अगदी दुसऱ्या टोकाचे. १९६४ च्या सोव्हिएत अजिंक्यपद स्पर्धेतला एक प्रसंग त्याने सांगितला आहे. वासुकोवविरुद्ध घोडा द्यावा की नाही याचा हिशेब करता करता चालींचा डोंगर झाला, आणि लहान मुलांच्या एका कवितेतला दलदलीत रुतलेला पाणघोडा त्याच्या डोक्यात शिरला. त्याला बाहेर कसे काढायचे? ताल दोर, तरफा आणि हेलिकॉप्टर यांचा विचार करत बसला. शेवटी ‘बुडू दे’ म्हणून त्याने पाणघोडा सोडला आणि हिशेब न करता, अंतःप्रेरणेने घोडा दिला. दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात मात्र, तालने चाळीस मिनिटे स्थितीचा काटेकोर विचार करून बलिदान केले, असे छापून आले.

गॅरी कास्पारोवने २००३ ते २००६ दरम्यान आपल्या पूर्वसूरींवर पाच खंड काढले. त्यातले विश्लेषण दमदार आहे, पण संदर्भ न देता इतिहास सांगितल्याबद्दल अभ्यासकांनी त्यावर टीका केली, आणि ती रास्त होती. विश्वनाथन आनंदचे १९९८ चे निवडक डाव अभ्यासासाठी आहेत. २०१९ चे ‘माइंड मास्टर’ हे आत्मकथन खेळ न जाणणाऱ्यालाही वाचता येते. नव्याने सुरुवात करणाऱ्याने मात्र आधी जगज्जेत्या कापाब्लांकाचे १९२१ चे मूलतत्त्वांवरचे छोटे पुस्तक घ्यावे. त्याची सुरुवातच साध्या मातांपासून होते.

कथाकादंबऱ्यांत बुद्धिबळ बहुधा वेडाच्या रूपाने येते. नाबोकोवच्या १९३० च्या कादंबरीतला लुझिन पटाबाहेर जगूच शकत नाही. स्टेफान झ्वाइगने ब्राझीलमध्ये निर्वासित असताना लिहिलेली लघुकादंबरी १९४२ मध्ये त्याच्या मृत्यूनंतर आली. तिचे बीज एका पुस्तकातच आहे. नाझींच्या एकांत कैदेत असलेला डॉक्टर बी. एक पुस्तक चोरतो. ते निघते दीडशे डावांचे संकलन. आधी ते त्याला शुद्धीवर ठेवते. डाव पाठ झाल्यावर तो मनातल्या मनात स्वतःविरुद्ध खेळू लागतो आणि त्याचे डोके फिरते. प्रेमचंदांच्या ‘शतरंज के खिलाडी’त अवध इंग्रजांच्या घशात जात असताना लखनौचे दोन नवाबी रईस पटात बुडालेले आहेत. कथेत ते एकमेकांना ठार मारतात. सत्यजित राय यांनी १९७७ च्या चित्रपटात त्यांना जिवंत ठेवले.

पुस्तकांशी उलटे नाते असलेला खेळाडू म्हणजे मीर सुलतान खान. पंजाबातला हा माणूस देशी पद्धतीचे बुद्धिबळ खेळत वाढला, आणि युरोपात सुरुवातीच्या चालींवर साचलेले ग्रंथज्ञान त्याच्या गाठीला जवळजवळ नव्हते. जमीनदार सर उमर हयात खान यांच्या लवाजम्यातून तो १९२९ मध्ये इंग्लंडला गेला आणि त्याच वर्षी ब्रिटिश अजिंक्यपद जिंकला. १९३२ आणि १९३३ मध्ये ते त्याने पुन्हा मिळवले. १९३०-३१ च्या हेस्टिंग्ज स्पर्धेत त्याने कापाब्लांकाला हरवले. मग तो मायदेशी परतला आणि मोठ्या स्पर्धांतून दिसेनासा झाला. त्याचे म्हणणे सांगणारे पुस्तक त्याने मागे ठेवले नाही. उरले ते डाव आणि इतरांच्या आठवणी. २०२० मध्ये ब्रिटिश ग्रँडमास्टर डॅनियल किंग याने त्याचे चरित्र लिहिले. त्याच्या उपशीर्षकात सुलतान खानला ‘नोकर’ म्हटले आहे, आणि त्याच्या कुटुंबीयांनी या चित्रणावर जाहीर आक्षेप घेतला. १९६६ मध्ये वारलेल्या सुलतान खानला जागतिक बुद्धिबळ महासंघाने मानद ग्रँडमास्टर किताब दिला तो २०२४ मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर अठ्ठावन्न वर्षांनी.